मांडवीची काळी वाळू

काशीराम सुतार रत्नागिरीला गेला तो आपली करवत आणायला. भुताला भेटायला कोणी एसटीचं तिकीट काढून जात नाही. हे आधीच सांगून ठेवतो, नाहीतर ही राही मध्येच विचारील, "मग तो गेलाच कशाला?" राही, तू दिव्याजवळ बस. बाबल्या, तू दाराकडं सरक. नको? बरं, मग दाराकडं कोणीच बसू नका. ती जागा रिकामी राहू दे. लागेल कोणाला तरी.

साल छप्पन. शनिवार, एक डिसेंबर, कार्तिकातली अवस. येत्या अवसेला बरोबर तीन वर्षं होतील. काशीराम आपल्या देवरुखाकडचाच. अजून हिंडता-फिरता आहे. मी थापा मारतो असं वाटलं तर उद्या जाऊन त्यालाच विचारा. आज नको, आज रात्र आहे.

निरोप आणलान एसटीच्या कंडक्टरनं. "राजिवड्याच्या मैमुनाचाचीनं सांगितलंय, तुझी बारीक करवत आमच्याकडं पडून आहे, ती घेऊन जा. ती घराला कुलूप लावून दाभोळला लेकीकडं चाललीय."

काशीराम नांगराचा इसाड, तो लांब दांडा, तासत होता. त्यानं वरसुद्धा बघितलं नाही. दीड वर्षं त्या घराचं नाव त्यानं तोंडातून काढलं नव्हतं. पण त्याची बायको जनी, ती आतून म्हणाली, "जा की. माणसाशी भांडलाव, करवतीनं तुमचं काय वाकडं केलंन?"

बायकांना असं एखादंच वाक्य सुचतं आणि नवरा वहाणा शोधायला लागतो. काशीराम निघाला.

आता ती करवत कसली, हे कळल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. तुम्हाला सुतार म्हणजे नांगर, दार आणि पाळणा एवढंच ठाऊक. तिचं पातं केसासारखं. जडावकामाची करवत ती. शिसवीचा, फणसाचा, पांढऱ्या कुड्याचा, रक्तचंदनाचा पापुद्रा काढायचा, तांदळाच्या पापडाएवढा पातळ. त्याची पानं, फुलं, पाखरं कापायची. एकात एक अशी बसवायची की मध्ये मुंगीचा पाय शिरू नये. मग सरसानं पेटीच्या झाकणावर चिकटवायची. वरून डोळे मिटून बोट फिरवलं तर कुठं फणस संपला आणि कुठं शिसव लागली ते कळता कामा नये.

हे काम आख्ख्या रत्नागिरीत एकालाच येई, राजिवड्याच्या जैनुद्दीन मिस्त्रीला. तो शिकून आला होता रंगूनला. लढाईत तिथं बाँब पडले तेव्हा लोक सोनं-नाणं घेऊन पळाले. हा बायको, म्हणजे ती मैमुनाचाची, लेक आणि एक करवत घेऊन पळाला. मुंबईचे व्यापारी त्याच्या पेट्यांसाठी सहा-सहा महिने थांबत.

काशीराम त्याच्याकडं शिकायला गेला तो बत्तिसाव्या वर्षी. दोन पोरांचा बाप. पहिलं वर्षभर नुसता पापुद्रा काढत होता. दुसऱ्या वर्षी सरस. भांड्यात भांडं ठेवून तो शिजवायचा, उकळला की संपला. तिसऱ्या वर्षी हातात करवत मिळाली. मिस्त्री त्याचं पान उजेडाला धरी आणि विचारी, "काशीरामा, हे पान हाय की पायताण?" बाप्या माणूस खाली मान घालून पुन्हा कापायला बसे.

चाचीच्या हातचं जेवायचा का? चार वर्षं जेवला. शनिवारी घरी आला की सांगायचा, "दशम्या पुरवून खाल्ल्या." जनीला पहिल्याच शनिवारी त्याच्या सदऱ्याच्या वासावरनं कळलं होतं. तिनं चार वर्षं कळू दिलं नाही. सांगा आता, दोघांत हुशार कोण?

तर सगळं आलं. राहिली फक्त सावली.

मिस्त्रीच्या पेटीवरचं पान सपाट नसे. त्याच्या एका कडेला तपकिरी छटा असे, आतल्या बाजूला विरत गेलेली. त्यामुळं पान लाकडावरून वर उठल्यासारखं दिसे. पोरं नखानं उचलायला जात. रंग नाही, शाई नाही. ती सावली मिस्त्री दार लावून एकटाच पाडी. काशीराम विचारी, तेव्हा त्याचं एकच उत्तर, "आधी उजेड शीक. सावली शेवटी देईन. पण देईन."

पंचावन्न सालच्या चैत्रात मिस्त्री म्हणाला, "आता देतो." मुसा नाखव्याच्या लेकीचं लगीन होतं, तिच्या दागिन्यांच्या पेटीचं काम आलं होतं. मिस्त्रीनं ती पेटी काशीरामच्या पुढ्यात ठेवलीन. "ही तुझी. झाकणाच्या आतून तुझं नाव कोर. ज्याचं नाव आत गेलं तो माझा कारागीर. मग मुंबईवाल्यांना मी तुझा पत्ता देणार."

काशीराम त्या रात्री झोपला नाही. चार वर्षं लोक त्याला हसले होते, सुताराचा पोर नांगर सोडून मुसलमानाकडं फुलं कापतो म्हणून. आता झाकणात नाव येणार होतं.

आणि आठवड्यात मिस्त्री विषमज्वरानं आडवा पडला. डॉक्टरनं सांगितलं, खोलीत एकाच माणसानं जायचं. तो एक म्हणजे मिस्त्रीचा पुतण्या गनी. तोही तिथंच शिकत होता. उंच, करकोच्यासारखी मान. हात बरा, जीभ त्याहून बरी. पेटीचा दिवस जवळ आला तेव्हा गनी खोलीतून बाहेर आला आणि काशीरामला म्हणाला, "चाचानं सावली सांगितलीन. मांडवीची काळी वाळू आण. पिठासारखी बारीक असते ती, लाकडाला ओरखडा जात नाय. कढईत तापव. चिमट्यानं पानाची कड वाळूत धर, दहा मोज, काढ. झाली सावली."

"आणखी काय म्हणाले?"

"आणखी काय म्हणणार? ताप हाय त्यांना. किस्से सांगत बसतील?"

काशीराम मांडवीच्या काळ्या समुद्रावर गेला. वाळू आणलीन. तापवलीन. पहिलं पान जळून कोळसा झालं. दुसरं कमी पडलं. तिसऱ्याची कड तपकिरी झाली आणि आत विरत गेली... आणि पान उठलं, बरं का! छत्तिसाचा बाप्या, तिथं एकटाच हसत बसला.

पेटी गेली. लगीन लागलं. झाकणाच्या आत 'काशीराम' अशी अक्षरं.

आषाढात पाऊस बसला आणि पंधरा दिवसांत पानं उठली. यावेळी खरोखरची उठली. सावली दिलेलं एकूण एक पान ओल धरून कडेनं सुटलं, भाजलेल्या पापडासारखं वळलं. बिनसावलीची पाखरं जिथल्या तिथं. मुसा नाखव्यानं पेटी परत पाठवलीन, तीही भर दुपारी, दोन गड्यांच्या डोक्यावरून, सगळ्या राजिवड्याला दाखवत. झाकण उघडंच होतं. नाव वाचायला येत होतं.

गनी शेजारी उभा होता. हळूच म्हणाला, "मांजरानं वाघाला सगळं शिकवलंन, झाडावर चढायचं तेवढं ठेवलंन. म्हाताऱ्यांचं असंच. काही तरी पोटात ठेवल्याशिवाय मरत नाहीत."

काशीरामच्या डोक्यात तिडीक गेली. चार वर्षं! तो रस्त्यात उभा राहून ओरडला, "विद्याचोर! चार वर्षं राबवलंन आणि खोटी सावली दिलीन!" खिडक्या उघडल्या. आतून मिस्त्रीचा आवाज आला, दुखण्यातून नुकता उठलेला, बारीक. "काशीरामा... आत ये."

तो आत गेला नाही. करवतसुद्धा न घेता देवरुखाची गाडी धरलीन.

पुढच्या पावसात गनीनं पेट्या केल्या, सावलीच्या. त्यातलं एक पान हललं नाही. मुंबईवाले आता गनीकडं येऊ लागले. काशीरामला हे कळलं तेव्हा त्याची खात्रीच पटली. पुतण्याला खरं दिलंन, मला खोटं. आपलं रक्त ते आपलं रक्त. आणि छप्पनच्या जुलैत मिस्त्री वारल्याचं कळलं, तेव्हा हा मातीला गेला नाही.

इथवर सगळं दिवसाउजेडीचं. बाबल्या, आता हसून घे. पुढं जागा नाही.

तर त्या शनिवारी एसटीचं चाक हातखंब्याला फुटलं. काशीराम राजिवड्यात पोचला तेव्हा रात्रीचे साडेआठ झाले होते. खाडीला भरती लागलेली. होड्या चिखलातून उठू लागलेल्या. अवसेचा काळोख असा, की आपला हात आपल्याला ओळख देईना.

चाचीनं दार उघडलंन. तिची इद्दत, म्हणजे नवऱ्यामागचे चार महिने दहा दिवस, नुकती संपली होती, म्हणून ती समोर तरी आली. वाळली होती. तिनं काही विचारलं नाही, भाकरी आणि बांगड्याचं कालवण पुढं ठेवलंन. काशीराम खाली मान घालून जेवला.

"करवत कारखान्यात हाय," ती म्हणाली. "तुझी पेटी पण तिथंच हाय. त्यांनी टाकू दिली नाय." "काशीरामा, एक विचारू?"

"विचारा, चाची."

तिनं त्याचं ताट उचललंन. "नको. सकाळी विचारीन. आता झोप."

कारखाना म्हणजे बाजूची पडवी. जांभ्याची भिंत, वर चुना. काशीरामनं कंदील जमिनीवर ठेवलान. करवत खिळ्याला होती. पातं गंजलेलं नव्हतं. कोणीतरी तेल लावत होतं. कोपऱ्यात ती पेटी, फडक्याखाली. त्यानं फडकं उचललं नाही. चूल विझलेली, राखसुद्धा काढलेली. कढई भिंतीला पालथी टांगलेली. त्यानं घोंगडी पसरलीन आणि कानावरची पेन्सिलही न काढता आडवा झाला.

आत रंगूनचं घड्याळ होतं. त्यानं बारा ठोके दिलेन.

मग अर्ध्याचा एक.

साडेबारा झाले असतील.

काशीरामला वास आला. कुड्याचं पांढरं लाकूड कडेला भाजलं की येतो तो... करपल्या दुधासारखा. गोडसर. ताजा.

तो उठून बसला. चुलीकडं बघितलंन. चूल गार. कढई खिळ्याला. चिमटा फळीवर. काही हललेलं नाही.

त्यानं भिंतीकडं बघितलंन.

भिंतीवर सावली होती. उकिडवी बसलेली. डोक्याला गोल टोपी. पाठीला पोक.

राही, तू म्हणशील भुताला सावली नसते. मीही तेच ऐकत आलो. इथं उलट होतं. सावली होती. माणूस नव्हता.

कंदील आणि भिंत यांच्यामध्ये काही नव्हतं. मोकळी जमीन. आणि भिंतीवर ती सावली काम करत होती.

काशीरामनं घोंगडी छातीशी ओढलीन.

सावलीनं हंडा उचललान. हंड्याची सावली. कढईत पाणी ओतलंन. पाण्याची सावली. बोटं बुडवलीन. तोंडाशी नेलीन. मान हलवलीन... नाही.

पाणी ओतून दिलंन. पुन्हा भरलंन. ढवळलंन. चाखलंन. नाही.

पुन्हा.

पुन्हा.

काशीराम मोजत होता. भीतीनं माणूस काय वाट्टेल ते करतो, हा मोजत होता. पाच. सहा. सात. प्रत्येक वेळी बोटं तोंडाशी. प्रत्येक वेळी मान... नाही.

नवव्या पाण्याला सावली थांबली. बोटं ओठांवर. बराच वेळ.

मग मान डोलली. हो.

आणि मगच तिनं कढई चुलीवर चढवलीन.

तेव्हा काशीरामला लख्ख कळलं. मांडवीची वाळू. समुद्राची वाळू. मीठ. मीठ ओल धरतं... कोकणातल्या पोराला हे कळू नये? खारवलेल्या माशाचं मडकं पावसात पाझरतं, हे आईच्या मांडीवर बघितलेलं. सगळी वाळू धुवायची होती. पाणी गोड लागेपर्यंत. आणि त्यानं ती खारट, तशीच, तापवली होती. त्याला कोणी धुवायला सांगितलं नव्हतं.

कोणी सांगितलं नव्हतं?

भिंतीवर दुसरी सावली आली.

उंच. मान करकोच्यासारखी.

ती म्हाताऱ्या सावलीपुढं बसली. म्हाताऱ्यानं तिला हंडा दाखवलान. बोटं दाखवलीन. चाखून दाखवलंन. एक... दोन... नऊ. उंच सावली मान डोलवत होती. हो चाचा. हो चाचा. ऐकू काही येत नव्हतं. तरी कळत होतं.

मग उंच सावली उठली. भिंतीवरून सरकत आली. लांब झाली. कोपऱ्याकडं गेली.

कोपऱ्यात तिसरी सावली बसली होती.

कानावर पेन्सिल.

काशीरामनं आपल्या कानाला हात लावलान. पेन्सिल होती. कोपऱ्यातल्या सावलीनंही कानाला हात लावलान.

त्यानं आपल्या पायाशी बघितलंन. कंदील डावीकडं. सावली उजवीकडं पडायला हवी. उजवीकडं जमीन पिवळी... मोकळी. त्याची सावली त्याच्यापाशी नव्हती. ती तिकडं बसली होती.

उंच सावली तिच्या कानाशी वाकली. हातांनी दाखवलंन. कढई. चिमटा. दहा बोटं.

हंडा... नाही.

चाखणं... नाही.

झालं. उंच सावली सरळ झाली. तिचे खांदे हलत होते. हसताना हलतात तसे.

काशीरामचे डोळे भरून आले. दीड वर्षं. दीड वर्षं त्यानं कोणाला शिव्या दिल्या होत्या? रस्त्यात उभं राहून कोणाला विद्याचोर म्हटलं होतं?

म्हातारी सावली त्याच्याकडं वळली. तोंड नव्हतं तिला. काळं नुसतं. पण ती बघत होती. एक हात पुढं केलान. तळवा वर. असा.

काशीराम गुडघ्यावर पुढं सरकला. "चाचा..."

काही नाही.

"चाचा, मी आत यायला हवं होतं..."

हात तसाच.

"तुम्ही बोलावलंत... मी..."

कंदील विझला. वारा नव्हता. तेल होतं.

काळोख. करपल्या कुड्याचा वास. आणि त्याच्या खूप जवळ, कोणीतरी लांब श्वास सोडलान. दमलेल्या माणसाचा.

...

पहाटेची बांग झाली तेव्हा काशीराम भिंतीला कपाळ टेकून बसलेला होता. जिवंत होता, राही. नखं सोड, खाऊ नको. आणि सावली त्याला परत मिळाली का, तर मिळाली. उजाडताच त्यानं आधी तेच बघितलंन.

चाची चहा घेऊन आली. तो पेला न घेता म्हणाला, "चाची, तुम्ही काय विचारणार होता?"

चाची उंबऱ्यात बसली. "तू आळस का केलास, एवढंच विचारायचं होतं. तापात त्यांना शुद्ध नसायची. तरी एकच घोकत होते, काशीरामला सांगा, पाणी गोड होईपर्यंत धू. शुद्ध आली तेव्हा गनीला नऊ वेळा धुऊन दाखवलंनी. दारातून हंड्यानं पाणी मीच देत होते ना. आणि तू न धुता काम उरकलंस. पेटी आली तेव्हा त्यांनी पान जिभेला लावलंनी आणि रडले. म्हणाले, माझ्या कारागिरानं दोन घागरी पाण्यासाठी माझं नाव बुडवलंन. मरेपर्यंत म्हणत होते... का केलंन त्यानं असं?"

काशीरामला वाटलं होतं, आपण फसवले गेलो. इथं दोघं फसवले गेले होते, आणि त्यातला एक तसाच मातीत गेला होता.

"चाची," तो म्हणाला, "मना कोणी धुवायला सांगितलं नाय."

चाचीनं पदर तोंडाला लावलान. तिला नाव विचारावं लागलं नाही.

गनीचं घर तीन गल्ल्या पलीकडं. काशीराम गेला तेव्हा गनी ओट्यावर दात घासत होता. त्याला बघून जरा दचकला, मग हसला. "या या, देवरुखचे पाव्हणे! नांगर विकायला आलाव?"

"गनी, चाचांनी वाळू धुवायला सांगितली होतीनी?"

गनी चूळ भरायचा थांबला. "कसली वाळू?"

"तू मना सांगितलं नाय."

"सगळं सांगितलं! तूच विसरलास. बाप्या माणूस, बत्तिसाव्या वर्षी शिकायला आलास, राहतंय कुठं डोक्यात?" आतून त्याची बायको हमिदा पाण्याचा तांब्या घेऊन आली. पाहुणा दारात, मग तो कसाही असो, पाणी द्यायचं. गनीनं छातीवर हात ठेवलान. "चाचाची शपथ घेऊन सांगतो. जे त्यांनी सांगितलं त्यातला एक शब्द मी गिळला नाय."

आणि घसा सुकला म्हणून तांब्या आधी त्यानंच तोंडाला लावलान.

थू करून अंगणात टाकलंन. "हमिदा! पाण्यात मीठ कोणी घातलंन?"

"मीठ?" हमिदा म्हणाली. "आत्ताच विहिरीचं काढलं."

काशीरामनं तांब्या त्याच्या हातातून घेतलान. एक घोट घेतलान. गोड. शहाळ्यासारखं.

गनीनं दुसरा तांब्या मागवलान. मग तिसरा. तिसऱ्याला त्यानं चूळसुद्धा टाकली नाही. तोंडात धरून उभा राहिला. त्याच्या डोळ्यांतून पाणी येत होतं.

काशीराम चाचीकडं परतला, करवत हातात धरलीन. पेटी डोक्यावर घेतलीन आणि गाडीला आला. घरी आल्यावर सगळी पानं सोडवलीन. मांडवीची वाळू आणलीन, नऊ पाण्यांनी धुतलीन, दरवेळी चाखलीन, आणि पुन्हा सावली पाडलीन. मुसा नाखव्याच्या घरी ती पेटी तीन पावसाळे बघून बसली आहे. पान हललेलं नाही. मुंबईवाल्यांची पत्रं आता देवरुखला येतात. जनी ती खुंटीला लावून ठेवते. सगळं मिळालं म्हणा. फक्त ज्यानं ते उजेडाला धरून 'हे पान हाय की पायताण' विचारायचं, तो नाही. काशीराम अजून प्रत्येक पान उजेडाला धरतो आणि थोडा वेळ थांबतो.

आणि गनी? गनीनं त्या होळीच्या आधीच रत्नागिरी सोडलीन. मुंबईला गोदीत लागला, असं ऐकलं.

गेल्या वैशाखात काशीरामला तो दिसला. रत्नागिरीच्या एसटी स्टँडवर, भर दुपारी. अंगात हाडं तेवढी उरलेली. ओठ फुटलेले. चहावाल्याकडून पेला घेतलान आणि स्वतः न पिता शेजारच्या हमालापुढं धरलान.

"भाऊ, जरा घोट घेऊन बघ... खारा लागतो काय?"

हमालाला वाटलं वेडा आहे. फुकटचा चहा, घेतलान घोट. "नाय वो. साखर उलटी जास्त झालीय."

गनीनं पेला ओठाला लावलान.

थोडा वेळ तसाच धरलान.

मग बाकावर ठेवून दिलान... आणि गाडीत चढला.